हो किंवा नाही म्हणा

कंपनी का सोडली असं कुणी विचारलं की मी ‘नाही जमलं’ म्हणते आणि विषय बदलते. खरं सांगायला बसले तर माझा आवाज चढतो, समोरच्याचा चहा गार होतो, आणि लातुरात ‘डोकं फिरलेली मॅडम’ म्हणून माझी आधीच ख्याती आहे. आता लिहायला बसलेच आहे तर चढू दे.

माझं काम बोलण्याचं. माणसं जे बोलतात ते कॉम्प्युटरला कसं कळावं, याचा अभ्यास मी केला. नांदेडजवळ विष्णुपुरीला इंजिनीअरिंग शिकले, पुढे बाहेर राहून पीएच.डी. केली, आणि तिथंच मला पहिला राग आला. मराठी समजणारं जे काही सॉफ्टवेअर तेव्हा होतं त्याला बातम्या वाचल्यासारखी मराठी लागायची. माझ्या गाइडना मी आमच्याकडचं एक रेकॉर्डिंग ऐकवलं तर ते म्हणाले, ‘‘यात कामाचं कमी आणि कचराच फार आहे.’’ मी त्या कचऱ्यावरच प्रबंध लिहायचं ठरवलं. थोडं अभ्यासापायी आणि बरंचसं खुन्नस म्हणून.

मग मी रेकॉर्डर घेऊन उन्हातान्हात हिंडले. मुखेडचा आठवडी बाजार, उदगीरची आडत, नांदेडचा सरकारी दवाखाना, आणि देगलूरचा एसटी स्टँड, जिथं एका वाक्यात मराठी, तेलुगू आणि कन्नड एकमेकांना धक्का न लावता बसतात. त्या सगळ्या बोलण्यातून मला एक गोष्ट सापडली. आमच्या भागात माणूस कामाचं आधी बोलत नाही. विहिरीवरची मोटार बिघडलेला माणूस मेकॅनिककडे जातो तो आधी त्याच्या पोरीची परीक्षा विचारतो, मेव्हण्याच्या लग्नात बुंदी कमी पडली ते सांगतो, उन्हाला शिव्या देतो, आणि उठता उठता म्हणतो, ‘‘बाकी ती मोटार जराशी वास मारायली.’’ म्हणजे मोटार जळून कोळसा झालेली असते. अडचण जितकी मोठी तितकी ती उशिरा बाहेर येते, आणि बारीक होऊन येते. मशीनला आधी गप्प बसून सगळं ऐकायला शिकवा, एवढंच माझ्या प्रबंधाचं म्हणणं होतं. ते शिकवता येतं हे मी करून दाखवलं होतं.

विष्णुपुरीचा माझा एक वर्गमित्र पुण्यात नोकरी करून कंटाळला होता. त्यानं माझा प्रबंध वाचला, म्हणजे निदान चाळला, आणि म्हणाला, ‘‘यात धंदा आहे. तू डोकं लाव, मी गिऱ्हाईक आणतो.’’ आम्ही लातुरात एका ट्यूशन क्लासच्या वर दोन खोल्या घेतल्या. खाली पोरं फिजिक्सची सूत्रं ओरडायची, वर आम्ही मशीनला मराठवाड्याचं बोलणं शिकवायचो. गंजबाजारात माझ्या वडिलांचं भुसाराचं दुकान. उद्घाटनाला ते कपाळभर विभूती लावून आले, नारळ फोडला आणि हसत म्हणाले, ‘‘एवढं शिकून शेवटी दुकानच टाकलंस की!’’ मला ते फार आवडलं होतं.

मशीनला आवाज हवा होता. पुण्याहून कुणाला आणायचं तर परवडत नव्हतं, आणि तसला आवाज ऐकून आमची माणसं आपण कचेरीत उभे आहोत असं समजून घाबरली असती. म्हणून आवाज माझा ठरला. स्वयंपाकघराच्या खिडकीवर वाकळ टांगून, पंखा बंद करून, घामानं निथळत मी तासन्‌तास बोलले. त्या बोलण्याचे बारीक तुकडे करून आम्ही असं सॉफ्टवेअर बनवलं की कुठलंही वाक्य टाइप केलं की ते माझ्या आवाजात बोलून दाखवायचं. मी कधी उच्चारलंही नाही असं वाक्य माझ्या तोंडून ऐकताना पहिल्यांदा मजा वाटली. मित्रानं टाइप केलं होतं, ‘चहा मी करते.’ आम्ही पोट धरून हसलो.

मग तो उन्हाळा आला. लातूरला रेल्वेनं पाणी आलं तो. लोकांना रेल्वेचे फोटो आठवतात. मला खालचा ट्यूशन क्लास रिकामा झालेला आठवतो. होस्टेलला पाणी नाही म्हणून पोरं गावी गेली आणि फिजिक्स बंद पडलं. आणि याच दिवसांत नांदेडच्या दक्षिणेकडच्या तालुक्यांचा वेगळा जिल्हा होणार म्हणून जो तो उठला होता. चौकाचौकात बॅनर, एक दिवस या गावचा बंद, दुसऱ्या दिवशी त्या गावचा रास्ता रोको. जिल्ह्याचं ठिकाण आमचंच गाव, असं प्रत्येक तालुक्याचं म्हणणं. घशाला कोरड पडलेली आणि भांडण कशावर, तर कलेक्टर कुठं बसणार यावर.

त्यातल्या एका तालुक्याच्या गावी, नाव घेत नाही, एक संस्था होती. शाळा, कॉलेजं, पतपेढी, सगळं तिचंच. तिचे चालक ‘साहेब’ म्हणून ओळखले जात, आणि त्या गावाला जिल्हा मिळावा म्हणून जी कृती समिती होती तिचे अध्यक्षही तेच. आजूबाजूच्या वस्त्यांना टँकर लागतो की नाही हे दर आठवड्याला विचारून वर कळवायचं काम या संस्थेनं अंगावर घेतलं होतं. संस्थेचा अहवाल जाणार आणि त्यावर टँकर ठरणार. प्रत्येक वस्तीतला एक फोन नंबर त्यांनी नोंदवून घेतला होता, बहुतेक बचत गटाच्या अध्यक्षबाईचा. त्या नंबरवर मशीन फोन करणार. माझा मित्र हे काम घेऊन आला तेव्हा मी नाचायचीच बाकी होते. ज्यासाठी मी अभ्यास केला तेच काम दारात चालत आलं होतं.

मी बनवलेला फोन असा होता. मशीन राम राम करायचं, काय चाललंय विचारायचं आणि गप्प बसायचं. बाई बोलायची. ऊन, गुडघे, जावयाची बदली, म्हशीला पाजायला कुठं न्यावं लागतं ते, आणि त्यातच कुठंतरी, बारीक आवाजात, पाणी. मशीन ते नेमकं वेचायचं. चार वस्त्यांवर करून बघितलं तर चारही ठिकाणी बरोबर निघालं.

साहेबांनी त्यातला एक फोन ऐकला, मध्येच थांबवला आणि म्हणाले, ‘‘मॅडम, मला कीर्तन नको. हो का नाही, तेवढं सांगा.’’

मी म्हणाले, ‘‘साहेब, ‘हो-नाही’मध्ये हे कळणार नाही.’’

‘‘का कळणार नाही? पाणी आहे किंवा नाही. तिसरं काय असतं?’’

मित्र लगेच म्हणाला, ‘‘करून देतो साहेब. उलट सोपं आहे.’’

बाहेर आल्यावर जिन्यातच आम्ही भांडलो. त्याचं म्हणणं, फोन छोटा झाला तर खर्च कमी, उत्तर स्वच्छ, नकाशावर हिरवा ठिपका नाहीतर लाल ठिपका, गिऱ्हाईक खूश. माझं म्हणणं, असं आपल्याकडे विचारत नाहीत. ‘‘असं म्हणजे कसं?’’ तो म्हणाला. मी म्हणाले, ‘‘फोन करून एकदम पाणी आहे का असं कुणी कुणाला विचारतं का? तुझ्या आईला विचार.’’ तो म्हणाला, ‘‘तू ना, प्रबंधातून बाहेर ये.’’ हा नांदेडचा पोरगा, गोदावरीच्या काठी वाढलेला! चार वर्षं पुण्यात काय काढली, घरी आलेल्याशी कसं बोलतात ते विसरून बसला.

त्यानंच प्रश्न टाइप केला. नमस्कार, आपल्या घरी पिण्याचे पाणी आहे का, हो किंवा नाही म्हणा. आणि ते वाक्य माझ्या आवाजात बोलू लागलं, अगदी गोड, घरच्यासारखं. इतक्या वर्षांच्या माझ्या अभ्यासाचा शेवट दोन शब्दांत झाला होता. पाटी मात्र दारावर माझ्याच शिक्षणाची होती.

पहिल्या आठवड्याचा नकाशा आला आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. सगळा हिरवा. जिथं फेब्रुवारीतच बोअर कोरडे पडले होते त्या वस्त्या हिरव्या. मुखेडच्या बाजूच्या माळावर, जिथं धुळीशिवाय काही उडत नाही, तिथं ठिपक्यांचं नुसतं कुरण. मित्र म्हणाला, ‘‘बघ, वाटलं तितकं वाईट नाही.’’ मी त्या कुरणात माझ्या मावशीची वस्ती शोधली. तीही हिरवी.

मावशी मुखेडहून आत एका वस्तीवर दिलेली. घरची थोडी जमीन, बचत गटाची अध्यक्ष, म्हणजे वस्तीचा नोंदवलेला फोन तिचाच. महाशिवरात्रीला मी गेले होते तेव्हाच त्यांच्या विहिरीचा तळ दिसत होता. मी फोन लावला. ‘‘बरं हाय समदं,’’ मावशी म्हणाली, ‘‘तू जेवलीस का?’’ माझं जेवण, माझी तब्येत, आईचं बीपी, सगळं झालं. शेवटी ठेवता ठेवता म्हणाली, ‘‘तेवढा टँकर यायचा बंद झालाय बघ.’’

मी दुसऱ्या दिवशी पहाटेची एसटी धरली. मुखेडला उतरून पुढे जीप, जीपमधून उतरून पायवाट. वस्तीवर पोचले तेव्हा बायका ओढ्यातल्या झिऱ्याकडून परतत होत्या. झिरा म्हणजे वाळूत खणलेला खड्डा. त्यात वाटीवाटीनं पाणी साचायचं आणि बायका आपली पाळी येईपर्यंत उन्हात बसायच्या. मावशीच्या सुनेच्या डोक्यावर अर्धी घागर होती. मावशी दारात उभी. मला बघून ‘‘आलीस माय?’’ म्हणाली आणि पहिल्यांदा आत जाऊन तांब्याभर पाणी घेऊन आली. मी ते न पिता हातात धरूनच विचारलं, ‘‘मावशी, तुला फोन आला होता का, पाणी आहे का म्हणून?’’

‘‘आलता की. तुझाच आवाज.’’

‘‘मग काय म्हणालीस?’’

‘‘हाय म्हणले.’’

‘‘अगं पण नाही ना!’’

मावशीनं माझ्याकडे मी काहीतरी घाण बोलल्यासारखं बघितलं. ‘‘मानूस पानी हाय का म्हणून इचारतंय, आन् न्हाई म्हणू? आन् ते बी बहिणीच्या लेकीला? मला वाटलं कुठं तरी उन्हात अडकलीस, दोन-चार जण संगं असतील, यायलीस इकडं.’’ मग तिनं मला आत नेलं. चुलीपासून लांब, अंधाऱ्या कोपऱ्यात एक घागर झाकून ठेवली होती. ‘‘ही कुणी आलं-गेलं तर. जंगम येतेत भिक्षेला, वाटसरू येतंय. घरातलं कुणी हिला हात लावत न्हाई. मग हाय ते हायच की. खोटं कुठं बोलले मी?’’

मला रडू आलं नाही, मला संताप आला. मावशीचाही आला, खोटं कशाला सांगू. सून झिऱ्यावर उन्हात बसते, आंघोळ चार दिवसांनी, आणि घरात भरलेली घागर पाहुण्यासाठी झाकून! मी तसं म्हणालेही. ती म्हणाली, ‘‘तुमच्या लातुरात इचारत नसतील. इथं मानसं राहतेत.’’ मी तो तांब्या प्यायले. गोड लागला, आणि त्याचाही राग आला.

लातुरात परतून मी सगळी रेकॉर्डिंग काढून बसले. मशीन ‘हो’ ऐकून घ्यायचं आणि आभार मानून फोन ठेवायचं, पण ठेवेपर्यंतचे दोन-चार क्षण पलीकडचा आवाज यायचाच. ते क्षण कुणी ऐकले नव्हते. मी कानाला हेडफोन लावून एकापाठोपाठ एक ऐकत गेले.

‘‘हाय की. या ना.’’ ‘‘हाव, हाय. किती जण हायेत?’’ ‘‘हाय माय, कुठवर आलीस? उन्हाचं येऊ नको, दम खा.’’ एक म्हातारा म्हणत होता, ‘‘हाय बाई, पर आमी खालच्या जातीचे हाव, चालंल का?’’ त्यानंतर माझाच गोड आवाज, धन्यवाद, आपले उत्तर नोंदवले आहे, आणि फोन बंद. म्हातारा बिचारा वाट बघत बसला असेल.

सबंध तालुका माझ्यासाठी तांब्या भरून दारात उभा होता आणि आम्ही त्याचे टँकर बंद केले होते.

मी मित्राला ओढून साहेबांकडे घेऊन गेले. संस्थेची मोठी खोली, एसी, भिंतीवर नियोजित जिल्ह्याचा रंगीत नकाशा, त्यात साहेबांच्या गावावर लाल तारा. मी रेकॉर्डिंग लावली. साहेबांनी शांतपणे ऐकली, गालात हसले. ‘‘किती मायाळू लोक आहेत हो आपले.’’

‘‘साहेब, या सगळ्या ठिकाणी पाणी नाही. लोक रीत म्हणून हो म्हणालेत. प्रश्न बदलायला लागेल. आणि हा अहवाल मागं घ्यायला लागेल.’’

‘‘मॅडम, लोकांनी स्वतःच्या तोंडानं सांगितलंय. त्यावर मी कोण बोलणार? जनतेचा आवाज आहे तो.’’

बोलून बोलून माझा घसा खरंच सुकला होता. मी विचारलं, ‘‘साहेब, पाणी आहे का?’’

‘‘आहे ना! का नाही?’’ साहेबांनी घंटी मारली, शिपाई धावत आला, टेबलावर बाटल्या मांडल्या. मी बाटलीला हात लावला नाही. या प्रश्नाला ‘नाही’ त्यांच्याही तोंडून निघालं नसतं, हे त्यांच्या लक्षात आलं. चेहरा क्षणभर आखडला आणि मग त्यांनी शिपायाला बाहेर जायला सांगितलं.

‘‘असं बघा,’’ ते हळू आवाजात म्हणाले, ‘‘टंचाईच्या गावाला कुणी जिल्ह्याचं ठिकाण देत नसतं. वर बसलेले पहिलं पाणी बघतात. आमच्या आसपास पाणी आहे, असं कागदावर दिसायला पाहिजे. एक उन्हाळा काढायचाय. उद्या जिल्हा झाला तर याच लोकांच्या पोराबाळांचं भलं आहे.’’

म्हणजे हा माणूस वेडा नव्हता आणि अडाणीही नव्हता. त्याला सगळं ठाऊक होतं. तोही याच मातीतला. पाणी आहे का या प्रश्नाला इथली म्हातारी माणसं काय म्हणतात हे त्याला माझ्या प्रबंधाआधीपासून माहीत होतं. म्हणूनच त्याला कीर्तन नको होतं. मी मित्राकडे बघितलं. तो टेबलाच्या काचेखालचं कॅलेंडर वाचत होता.

खाली उतरल्यावर मी त्याला म्हणाले, ‘‘मग निदान माझा आवाज काढ त्यातून.’’

तो म्हणाला, ‘‘आवाज कंपनीचा आहे. तुझा एकटीचा कसा?’’

मी त्याला काय काय म्हणाले ते इथं लिहीत नाही. नांदेडकडच्या उर्दूत बरेच चांगले शब्द आहेत, ते सगळे कामी आले. रस्त्यावर लोक जमले होते. तो म्हणाला, ‘‘तमाशा करू नकोस.’’ मी म्हणाले, ‘‘तमाशा तू केलास, माझ्या आवाजात.’’

फोन सोमवारी सकाळी यायचा. मी रविवारीच मावशीकडे गेले. वस्तीतल्या बायका तिच्या ओट्यावर जमल्या. मी त्यांना सगळं समजावून सांगितलं: हा फोन माणसाचा नाही, पलीकडे कुणी तहानलेलं नाही, कुणी येणार नाही, ‘नाही’ म्हटलं तरच टँकर येईल. बायकांना पटलं. सुनेला तर केव्हाचं पटलं होतं. मावशी ऐकून घेत होती. ‘‘बरं,’’ म्हणाली, ‘‘म्हणते.’’

सोमवारी मावशीचा उपास असतो. लिंगपूजा करून ती ओट्यावर येऊन बसली, मांडीवर फोन. बायका भोवती. मी उंबऱ्यात. फोन वाजला. सुनेनं स्पीकर लावून दिला, आणि त्या उन्हात, त्या कोरड्या वस्तीच्या मधोमध, मी मलाच बोलताना ऐकलं. नमस्कार. आपल्या घरी पिण्याचे पाणी आहे का?

इतका लाघवी आवाज! मला माहीत नव्हतं मी इतकं गोड बोलू शकते. मावशीचे ओठ हलले. बायका तिच्याकडे बघत होत्या, सून डोळ्यांनी खुणावत होती. मावशीनं माझ्याकडे बघितलं, मग फोनकडे, आणि तिच्या तोंडातून ‘‘हा...’’ एवढं बाहेर आलं.

मी झडप घालून फोन हिसकावला आणि ओरडले, ‘‘न्हाई! पानी न्हाई! एक थेंब न्हाई!’’

आपले उत्तर नोंदवले आहे, मी मला सांगितलं. फोन बंद झाला.

मावशी उठली. आत गेली आणि कोपऱ्यातली ती घागर उचलून बाहेर घेऊन आली. मला वाटलं माझ्या डोक्यावर ओतते. तिनं बायकांना भांडी आणायला सांगितलं आणि एकेकीच्या भांड्यात तांब्या-तांब्या ओतत गेली. मी म्हणाले, ‘‘मावशी, हे काय?’’ ती म्हणाली, ‘‘माझ्या उंबऱ्यात उभं राहून न्हाई म्हणलीस ना? मग न्हाई. खोटं न्हाई बोलायचं.’’ शेवटचा घोट तुळशीला गेला. घागर तिनं पालथी घातली आणि आत जाऊन पडून राहिली.

कंपनी मी त्याच दिवशी सोडली, मावशीच्या ओट्यावर बसून, फोनवरून दोन ओळी पाठवून. परत लातूरला जावंसं वाटेना. टँकर येतो का ते बघितल्याशिवाय मी हलणार नव्हते. झिऱ्यावर मीही बसले. मावशी माझ्याशी कामापुरतं बोलायची.

गुरुवारी दुपारी टँकर आला. पोरं ओरडत पुढे, बायका घागरी घेऊन मागे. नकाशावर एक ठिपका लाल झाला होता. आजूबाजूचे हिरवेच राहिले, कारण त्या वस्त्यांच्या अध्यक्षबाईंना माझ्यासारखी भांडकुदळ भाची नव्हती. मी नंतर त्यांतल्या जमतील तेवढ्या वस्त्यांवर गेले, वर्तमानपत्रात लिहिलं, कचेरीत अर्ज दिले. काही टँकर सुरू झाले, काही झाले नाहीत. जिल्हा तर झालाच नाही.

पण त्या गुरुवारी काय झालं ते सांगायचं राहिलं. ड्रायव्हर टँकर विहिरीला लावून खाली उतरला. उन्हानं चेहरा करपलेला, मानेला ओला गमछा. टँकरचं पाणी गढूळ आणि पत्र्यात तापून उकळायला आलेलं. ते कोण पितं? तो सरळ समोरच्या घराकडे, म्हणजे मावशीच्या दाराशी आला आणि म्हणाला, ‘‘मावशी, प्यायला पानी हाय का?’’

मावशी ‘‘हाय की’’ म्हणून सवयीनं वळलीसुद्धा. आत गेली. मला ठाऊक होतं, घागर सोमवारपासून पालथीच आहे आणि झिऱ्याचं सकाळचं पाणीही संपलंय. ड्रायव्हर सावलीला टेकून उभा राहिला, घाम पुसला, आत डोकावला, परत टेकला. बऱ्याच वेळानं मावशी रिकामा तांब्या घेऊन बाहेर आली. त्याच्याकडे न बघता टँकरपाशी गेली, पदराची चार पदरी घडी तांब्याच्या तोंडावर धरून नळाखाली भरला, जमिनीवर ठेवून गाळ बसायची वाट बघत उकिडवी बसली, आणि मग नेऊन त्याच्या हातात दिला. तो प्यायला, मिशा पुसल्या, निघून गेला. त्याला काहीच वाटलं नाही.

मावशी माझ्याजवळून आत जाताना थांबली.

‘‘बघितलंस?’’ म्हणाली. ‘‘आज पयल्यांदा मानूस माझ्या दारात पान्यासाठी ताटकळला.’’